न झालेल्या दोन लढाया : ‘अ डान्स विथ ड्रॅगन्स’ आणि दुभंगलेले वाचक

१२ जुलै २०११ रोजी जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्या ‘अ साँग ऑफ आइस अँड फायर’ या कादंबरीमालेचा पाचवा खंड, ‘अ डान्स विथ ड्रॅगन्स’, बाजारात आला. प्रकाशकाच्या आकड्यांनुसार पहिल्याच दिवशी २ लाख ९८ हजार प्रती खपल्या. त्यात १ लाख ७० हजार छापील, १ लाख १० हजार ई-बुक आणि १८ हजार ऑडिओ होत्या. चौथा खंड येऊन तोवर जवळपास सहा वर्षं उलटली होती. पुस्तक हातात पडलं, लोकांनी ते रात्र रात्र जागून वाचलं, आणि आठवड्याभरात वाचकांचे सरळ दोन तट पडले. एकाच पुस्तकाला कुणी पाच तारे दिले, कुणी एक. एका गटाच्या मते मार्टिन यांनी इतकं परिपक्व याआधी काही लिहिलंच नव्हतं. दुसऱ्या गटाच्या मते हजार पानांत कथा जागची हलली नाही.

असं का झालं, याची ही मांडणी. पुस्तकातल्या बऱ्याच घडामोडी इथे उघड होतील, ज्यांनी वाचलेलं नाही त्यांनी हे लक्षात घ्यावं.

माझं म्हणणं आधीच सांगतो. या पुस्तकावरच्या दोन मोठ्या तक्रारी नेहमी एकत्र बोलल्या जातात आणि त्यामुळे वाद भलतीकडे जातो. पहिली तक्रार अशी की पुस्तक संथ आहे. दुसरी अशी की ते अर्धवट आहे. पहिली मला पटत नाही. दुसरी शंभर टक्के खरी आहे. आणि वाचकांच्या रागाचा मोठा वाटा दुसरीचा असून तो बोलला मात्र गेला पहिलीच्या नावाने.

वाट कशी लांबली

मालेचा पहिला खंड १९९६ सालचा, दुसरा १९९८ चा, तिसरा २००० चा. दर दोन वर्षांनी एक जाडजूड पुस्तक, आणि प्रत्येक आधीच्यापेक्षा सरस. तिसरा खंड, ‘अ स्टॉर्म ऑफ स्वोर्ड्स’, वाचून लोक अक्षरशः हादरले होते. चौथ्याकडून अपेक्षा किती असतील ते यावरून समजावं.

मार्टिन यांचा मूळ बेत तिसऱ्या खंडानंतर कथेत पाच वर्षांची उडी घ्यायचा होता. कारण साधं होतं. मुलं फार लहान होती. आर्या आणि ब्रॅन यांना मोठं व्हायला वेळ हवा होता, ड्रॅगनही वाढायला हवे होते. पण लिहायला बसल्यावर दिसलं की आर्यासाठी ही उडी चालते, जॉन स्नोसाठी नाही. जॉन नुकताच राज्याच्या उत्तर सीमेवरच्या प्रचंड भिंतीच्या पहारेकऱ्यांचा सेनापती झालेला. उत्तरेकडून संकट येतंय हे सगळ्यांना माहीत. मग पाच वर्षं तिथे काहीच घडलं नाही असं कसं दाखवायचं? राणी सर्सीच्या राजधानीतल्या कारभाराचंही तेच. आधी काय काय झालं ते पात्रांच्या आठवणींतून सांगत बसावं लागत होतं आणि लिखाण त्या ओझ्याखाली वाकत होतं. शेवटी २००१ मध्ये त्यांनी ही उडीच रद्द केली. जी वर्षं गाळायची होती, ती आता लिहून काढायची होती.

ती लिहिता लिहिता हस्तलिखित इतकं फुगलं की एका खंडात मावेना. अशा वेळी सहसा कथेचा पहिला अर्धा भाग आधी छापतात, उरलेला नंतर. मार्टिन यांनी वेगळा मार्ग धरला. त्यांनी पात्रं वाटून घेतली. राजधानी, डॉर्न आणि लोहबेटं यांची कथा २००५ च्या ‘अ फीस्ट फॉर क्रोज’मध्ये गेली. ड्रॅगनची मालकीण असलेली तरुण राणी डेनेरिस, जॉन आणि बुटका सरदारपुत्र टिरियन, म्हणजे वाचकांची सर्वांत लाडकी तीन माणसं, पाचव्या खंडासाठी राखून ठेवली गेली. चौथ्या खंडाच्या शेवटी लेखकाने एक टीप जोडली. उरलेली पात्रं पुढच्या वर्षी भेटतील, निदान तशी मनापासून आशा आहे, असा तिचा आशय होता.

ते पुढचं वर्ष उजाडायला २०११ साल लागलं. डेनेरिस, जॉन आणि टिरियनच्या वाचकांसाठी ही वाट सहा वर्षांची नव्हतीच, अकरा वर्षांची होती. २००० साली जो वाचक शाळेच्या शेवटच्या वर्गात होता, तो एव्हाना तिशीकडे झुकला होता.

मधल्या काळात वातावरण पार गढूळ झालं. २००७ च्या सप्टेंबरमध्ये ‘द व्हील ऑफ टाइम’चे लेखक रॉबर्ट जॉर्डन आपली माला अपुरी ठेवून गेले, आणि मार्टिनच्या वाचकांना साठीकडे आलेल्या आपल्या लेखकाच्या वयाची धास्ती वाटू लागली. लोक ती उघडपणे बोलून दाखवू लागले. फुटबॉलचे सामने का बघता, संमेलनांना का जाता, दुसऱ्यांची पुस्तकं का संपादित करता, असं जाहीरपणे विचारू लागले. फेब्रुवारी २००९ मध्ये मार्टिन यांनी या सगळ्याला वैतागून जाहीर उत्तर दिलं. त्याच वर्षी लेखक नील गेमन यांनी त्यांची बाजू घेतली. पहिला खंड विकत घेतला म्हणजे लेखकाशी करार झाला असं होत नाही, असं त्यांचं म्हणणं होतं. कायद्याच्या भाषेत ते बिनचूक आहे. पण दहा वर्षं एखाद्या कथेत जीव गुंतवलेल्या माणसाला कराराची भाषा सांगून काय उपयोग? त्याला पैसे परत नको होते, त्याला कथा हवी होती. त्या दोन-तीन वर्षांत वाचकांच्या मनात जी अढी बसली, ती घेऊनच त्यांनी २०११ मध्ये पहिलं पान उघडलं.

मीरीनची गाठ

उशिराचं एक कारण लेखनाच्या आतलं होतं, आणि या प्रकरणाची खरी मेख तिथेच आहे. मार्टिन स्वतः त्याला ‘मीरीनची गाठ’ म्हणत.

डेनेरिस मीरीन नावाच्या शहरात राणी होऊन बसलेली आहे. तिच्याकडे जगाच्या चारी दिशांनी माणसं निघाली आहेत. टिरियन निघालाय, डॉर्नचा राजपुत्र क्वेंटिन निघालाय, लोहबेटांवरून व्हिक्टेरियन आरमार घेऊन निघालाय. शिवाय शहराला वेढा पडतोय, राणीचं लग्न व्हायचंय, ड्रॅगन बेलगाम झालेत. यातलं कोण आधी पोहोचेल? एकाची वेळ बदलली की बाकी सगळ्यांचं गणित विस्कटतं. नुसत्या क्वेंटिनच्या आगमनाची मार्टिन यांनी तीन रूपं लिहून पाहिली. एकात तो लग्नाच्या खूप आधी येतो, एकात खूप नंतर, एकात आदल्या दिवशी. छापलं गेलं ते तिसरं. तरीही डेनेरिस मीरीनमधून नाहीशी झाल्यावर तिथलं सांगायचं कुणाच्या नजरेतून, हा प्रश्न उरलाच. त्यासाठी वृद्ध सरदार बॅरिस्टन सेल्मीला निवेदक करण्यात आलं आणि गाठ सुटली.

गाठ सुटली खरी, पण तोवर पानं हाताबाहेर गेली होती. दोन मोठ्या लढायांकडे हे पुस्तक पहिल्यापासून चाललेलं आहे. एक उत्तरेत विंटरफेल किल्ल्यापाशी, बर्फातली. दुसरी मीरीनच्या तटाबाहेर. या दोन्ही लढाया शेवटी सहाव्या खंडाकडे, ‘द विंड्स ऑफ विंटर’कडे, ढकलण्यात आल्या. लिहून झालेली काही प्रकरणंही तिकडे गेली.

आता हे क्रमाने बघा. आधी पाच वर्षांची उडी रद्द, म्हणून मजकूर वाढला. मजकूर वाढला म्हणून पात्रांची वाटणी. वाटणीमुळे लाडकी पात्रं लांबली. आणि लांबलेली पात्रं अखेर आली, तेव्हा त्यांच्या कथेचा कळस पुन्हा पुढच्या खंडात. यातला प्रत्येक निर्णय त्या त्या वेळी समजण्यासारखा होता. वाचकाच्या पदरात मात्र सगळ्यांची बेरीज पडली.

‘काहीच घडत नाही’

पुस्तकात प्रस्तावना-प्रकरण आणि समारोप धरून ७३ प्रकरणं आहेत. जॉनची १३, टिरियनची १२, डेनेरिसची १०. म्हणजे निम्मं पुस्तक या तिघांचं. लोकांना हवी होती तीच माणसं मिळाली होती. तरी ‘पाल्हाळ’, ‘चऱ्हाट’, ‘नुसता प्रवास’ असे शब्द सर्रास ऐकू आले.

जॉनची प्रकरणं घेऊ. तो सेनापती म्हणून कोठारांची पाहणी करतो. कोठारप्रमुख बोवेन मार्श बरोबर आहे. बर्फात खोदलेल्या खोल्यांमधून साठवलेलं मांस, धान्य, चीज यांची मोजदाद चालते. हिवाळा किती वर्षांचा असेल कुणालाच माहीत नाही, तेव्हा हे किती दिवस पुरेल? पुढे जॉन लोहबँकेच्या माणसाशी कर्जाची बोलणी करतो, ओस पडलेल्या किल्ल्यांवर माणसं पाठवतो, भिंतीपलीकडच्या रानटी टोळ्यांना आत घ्यायचं ठरवतो. तलवार फार क्वचित बाहेर येते. अनेकांना हे सगळं कंटाळवाणं वाटलं. पण मार्शच्या त्या मोजदादीतच जॉनचा मृत्यू लिहिलेला आहे. आत घेतलेला प्रत्येक शत्रू म्हणजे कोठारावर आणखी एक तोंड. मार्शला ते गणित दिसतंय, जॉनला त्यापलीकडचं दिसतंय, आणि जॉन आपल्या माणसांना विश्वासात घेण्यात कमी पडतो. शेवटच्या प्रकरणात त्याच्यावर सुरे चालवले जातात तेव्हा मार्श रडत रडत वार करतो. ते अश्रू खरे वाटतात, कारण आपण त्याच्याबरोबर ती कोठारं पाहिलेली असतात. ही तेरा प्रकरणं संथ आहेत, पण एका ओळीत चालतात आणि जिथे पोहोचायला हवं तिथे पोहोचतात.

थिऑनची सात प्रकरणं याहून मोठा पुरावा आहेत. एकेकाळचा हा मिजासखोर राजपुत्र रॅमसे बोल्टनच्या छळाने इतका मोडलाय की स्वतःचं नावही घेत नाही. धन्याने ठेवलेलं ‘रीक’ हेच आपलं नाव, असं तो स्वतःला बजावत राहतो. पहिल्या तीन प्रकरणांची शीर्षकंही तीच आहेत, ‘रीक’. नंतर ती बदलत जातात. विंटरफेलचा राजपुत्र, मग फितूर, मग विंटरफेलमधलं भूत, आणि सातव्याचं शीर्षक नुसतं ‘थिऑन’. त्या प्रकरणात तो एका असहाय मुलीला बरोबर घेऊन किल्ल्याच्या तटावरून बर्फात उडी मारतो. या प्रकरणांत प्रवास थोडा, लढाई जवळजवळ नाही, बर्फाने कोंडलेल्या किल्ल्यात माणसं एकमेकांकडे संशयाने बघत बसलेली. म्हणजे घटना मोजायच्या तर इथेही फार नाहीत. तरीही पुस्तकावर चिडलेल्या वाचकांनीसुद्धा ही प्रकरणं डोक्यावर घेतली. संथपणा हेच जर दुखणं असतं, तर थिऑनलाही तोच निकाल लागला असता.

फरक एवढाच की थिऑनची कथा या खंडातच एका शेवटाला लागते.

टिरियनची लागत नाही. बापाला मारून तो समुद्रापार पळतो, होडीतून महानदी उतरतो, पकडला जातो, जहाजावरून जातो, गुलाम म्हणून विकला जातो. बारा प्रकरणांचा हा सगळा खटाटोप डेनेरिसपाशी पोहोचण्यासाठी. तो पोहोचतोही. तिच्या डोळ्यांसमोर, आखाड्यात, विदूषक म्हणून उभा केला जातो. पण दोघांची भेट होत नाही. पुस्तक संपतं तेव्हा तो भाडोत्री सैनिकांच्या छावणीत कागदांवर सह्या करतोय. अकरा वर्षं या भेटीची कल्पना करणाऱ्या वाचकाला काय वाटलं असेल? आणि बोलताना तो ‘भेट झाली नाही’ असं म्हणत नाही, ‘नुसता नदीतला प्रवास लिहिलाय’ असं म्हणतो. तो प्रवास, निदान धुक्यातून पडक्या शहरामधून होडी जाते तो भाग, मालेतल्या उत्तम लिखाणात मोडतो. भेट झाली असती तर त्या प्रवासाबद्दल क्वचितच कुणी कुरकूर केली असती.

सिंहासनावर हक्क सांगणाऱ्या स्टॅनिसचं याहून वाईट. त्याचं सैन्य विंटरफेलकडे निघतं, बर्फात अडकतं, उपाशी मरू लागतं. मग थेट जॉनच्या हातात रॅमसेचं पत्र पडतं की स्टॅनिस मारला गेला. खरं की खोटं? पुस्तक सांगत नाही. लढाई पुढच्या खंडात.

डेनेरिसचा प्रश्न

सर्वांत कडवट वाद डेनेरिसच्या दहा प्रकरणांवर झाला, त्यामुळे इथे थोडं थांबायला हवं.

तक्रार समजण्यासारखी आहे. तिसऱ्या खंडात शहरांमागून शहरं जिंकणारी, गुलामांच्या बेड्या तोडणारी ही तरुणी इथे दरबारात बसून फिर्यादी ऐकते. सोबतीला भाडोत्री सरदार डारिओवरचं तिचं प्रेम, नको असलेलं लग्न, नावांच्या बाबतीत एकमेकांसारखे वाटणारे मीरीनचे उमराव. ड्रॅगनवर बसून ती वेस्टेरॉसला, जिथलं सिंहासन तिला हवंय त्या खंडावर, कधी जाणार?

माझ्या मते या प्रकरणांची किल्ली दोन ठिकाणी आहे. एक म्हणजे टोकार. मीरीनचे धनी जे लांब झालरीचं वस्त्र गुंडाळतात ते. ते अंगावर टिकवायला एक हात सतत गुंतलेला असतो आणि चालताना लहान लहान पावलं टाकावी लागतात. हाताने काम करायची गरज नसलेल्या माणसांचा तो पोशाख. डेनेरिसला तो मनापासून नकोसा वाटतो. सशांची राणी व्हायचं तर लांब कान लावायला हवेत, असं म्हणून ती तो नेसते. मालकांची सत्ता उलथवणारी राणी मालकांच्या पोशाखात, हात अडकलेला, पाऊल आखडलेलं.

दुसरी किल्ली म्हणजे ती हाडं. ड्रॅगनने आमची जनावरं मारली अशा तक्रारी घेऊन मेंढपाळ येतात आणि भरपाई घेऊन जातात. त्यांच्यातला एक माणूस काही बोलत नाही, मागे थांबून राहतो. सगळे गेल्यावर तो गाठोडं सोडतो. त्यात जळालेली हाडं असतात, मेंढीची नसतात. ती त्याच्या लहान मुलीची, हाझियाची. डेनेरिस दोन ड्रॅगनना साखळदंडात जखडून तळघरात टाकते. तिसरा, ड्रोगॉन, हाती लागत नाही. आपली सर्वांत मोठी ताकद तिने स्वतःच्या हाताने कोंडली, कारण त्या ताकदीची किंमत तिला त्या गाठोड्यात दिसली.

इथून पुढे तिचं प्रत्येक पाऊल तडजोडीचं आहे, आणि ती तडजोड काही काळ खरंच शांतता आणते. पुस्तक वाचकाला कोंडीत पकडतं ते इथे. आपल्याला आग हवी असते, जळलेल्या मुलीचं नाव मात्र आपण विसरलेलो असतो. डेनेरिस विसरत नाही. शेवटच्या प्रकरणात, माळरानावर एकटी, उपाशी आणि आजारी असताना तिला त्या मुलीचं नाव आठवेनासं होतं, आणि तिच्यात काय बदललं हे तेवढ्यावरून कळतं. २०१३ मध्ये एका वाचकाने या प्रकरणांवर दीर्घ लेखमाला लिहून जवळपास असाच मुद्दा मांडला. मीरीनमधली शांतता फसवी नव्हती, ती डेनेरिसला सहन झाली नाही, असा तिचा रोख होता. ती वाचून अनेकांनी ही प्रकरणं पुन्हा काढली आणि आपलं मत बदललं. पहिल्या वाचनात हे फारसं दिसत नाही, कारण त्या वेळी आपण पुढे काय होणार यासाठी पानं उलटत असतो. अकरा वर्षांनंतर तर जास्तच.

तरीही इथे मी लेखकाची पूर्ण बाजू घेणार नाही. मीरीनचे उमराव लिहिताना त्यांचा हात आखडला आहे. वेस्टेरॉसमध्ये चार ओळींच्या सरदारालाही स्वभाव मिळतो, इथे पानंच्या पानं वावरणाऱ्या हिझदारलाही, डेनेरिसच्या नवऱ्यालाही, नीटसा मिळत नाही. तो विश्वासघातकी आहे की नुसता घाबरट, हे गूढ राखण्याच्या नादात माणूसच हरवला.

बाकीच्या तक्रारी

क्वेंटिनवर लोक चिडले. चार प्रकरणं त्याच्यामागे धावायचं, आणि अखेर तो ड्रॅगन पळवायला जाऊन भाजून मरतो. त्याची गोष्ट म्हणजे साहसकथेतल्या नायकाच्या वाटेवर एका साध्या मुलाला ढकललं तर काय होईल, याचं निष्ठुर उत्तर आहे. कल्पना चांगली. पण आधीच गर्दी झालेल्या पुस्तकात तिच्यासाठी जागा नव्हती, हे चिडलेल्यांचं म्हणणं मला मान्य आहे. मेलेला समजला जाणारा राजपुत्र एगॉन पाचव्या खंडात अचानक उगवतो, यावरही अशीच खळखळ झाली.

शब्दांच्या पुनरुक्तीची तक्रार रास्त आहे. ‘शब्द म्हणजे वारा’ ही म्हण इतक्या पात्रांच्या तोंडी इतक्या वेळा येते की ती त्या जगाची म्हण न वाटता लेखकाची सवय वाटू लागते. टिरियनचा बापाच्या शेवटच्या शब्दांचा घोषही तसाच. दुःखात माणूस तेच तेच बोलतो हे खरं असलं तरी संपादनात काही जागा काढून टाकता आल्या असत्या.

वाट पाहिलेले आणि न पाहिलेले

या प्रकरणात एक गोष्ट योगायोगाने घडली, आणि तिच्यामुळे निदान करणं सोपं होतं. मालेवरची दूरचित्रवाणी मालिका, ‘गेम ऑफ थ्रोन्स’, १७ एप्रिल २०११ ला सुरू झाली, म्हणजे पुस्तकाच्या तीन महिने आधी. तिच्यामुळे वाचकांची एक नवी लाट आली. या लोकांनी पहिले चार खंड दोन-तीन महिन्यांत संपवले आणि लगेच पाचवा उचलला. पुस्तक तेच, शब्द तेच, वाट मात्र शून्य.

दोन्ही गटांच्या वाचनातला फरक एका दृश्यात स्पष्ट दिसतो. जॉन आपला मित्र सॅम याला भिंतीवरून दूर पाठवतो, तो संवाद चौथ्या खंडात सॅमच्या नजरेतून आहे आणि पाचव्यात जॉनच्या. बोलणं बहुतांशी तेच. ज्याने सहा वर्षं थांबून पुस्तक घेतलं, त्याला तिथे जुनाच माल पुन्हा विकल्यासारखं वाटलं. ज्याने चौथा खंड नुकताच मिटला होता, त्याला मात्र कळलं की सॅमला जो निष्ठुर वाटला तो जॉन आतून किती पोखरला गेला होता. आई आणि बाळाची ताटातूट करण्याचा हुकूम त्याने काय विचार करून दिला, हेही त्याला तिथेच उमगलं. दृश्य उत्तम आहे, मधल्या सहा वर्षांनी त्याची धार गेली.

पुढे काही वाचकांनी चौथ्या आणि पाचव्या खंडातली प्रकरणं कालक्रमाने एकमेकांत गुंफून वाचण्याचे क्रमच तयार केले. अशा वाचनात सर्सीचा उद्दाम कारभार आणि डेनेरिसची धडपड शेजारी शेजारी येतात, आणि राज्य चालवणं म्हणजे काय याचं एकच मोठं पुस्तक समोर उभं राहतं. मार्टिन यांनी मुळात ते तसंच लिहायला घेतलं होतं. छपाईच्या मर्यादेने त्याचे दोन तुकडे झाले.

जॉर्डन यांच्या मालेतही हे एकदा घडलं होतं. २००३ साली आलेला तिचा दहावा खंड बराचसा मागच्या खंडाच्या शेवटाला समांतर चालतो आणि वाचकांनी त्यावर अशीच नाराजी व्यक्त केली. पुढे माला पूर्ण झाली, २०१३ मध्ये ब्रँडन सँडरसन यांनी चौदावा खंड लिहून ती तडीस नेली, आणि आता सलग वाचणाऱ्याला तो दहावा खंड पूर्वीइतका बोचत नाही. मार्टिनच्या पाचव्या खंडाला हा दिलासा मिळालेला नाही. २ जानेवारी २०१६ रोजी त्यांनी स्वतःच जाहीर केलं की सहाव्या खंडाची ठरलेली मुदत हुकली. त्या वर्षी पडद्यावरची कथा पुस्तकांच्या पुढे निघून गेली आणि १९ मे २०१९ ला संपलीही. त्यामुळे जे न घडलेलं म्हणून २०११ मध्ये खटकलं, ते अजूनही पुस्तकात न घडलेलंच आहे.

पुरस्कारांचा कौलही संमिश्र राहिला. २०१२ मध्ये पुस्तकाला अद्भुतकथेचा लोकस पुरस्कार मिळाला, विज्ञानकथा-अद्भुतकथांच्या ह्युगो पुरस्कारासाठी नामांकन झालं पण तो जो वॉल्टन यांच्या कादंबरीला गेला.

काय करता आलं असतं

हजार पानांच्या वर जाणं प्रकाशकाला बांधणीच्या दृष्टीने अवघड होतं, हे मान्य. ब्रिटनमध्ये तर याची कागदी बांधणीची आवृत्ती दोन भागांत विभागावी लागली. म्हणजे लढाया आत घ्यायच्या तर काहीतरी बाहेर जायलाच हवं होतं. माझ्या मते क्वेंटिनचा प्रवास एका प्रकरणात आवरता आला असता, टिरियनच्या जहाजावरच्या भागाला कात्री लावता आली असती, आणि व्हिक्टेरियनला पूर्णपणे पुढच्या खंडाकडे नेता आलं असतं. एवढ्याने दोन्ही लढाया मावल्या नसत्या. बर्फातली एक नक्की मावली असती. उत्तरेची कथा मग जॉन, थिऑन, स्टॅनिस आणि थिऑनची बहीण अॅशा यांच्यासह पूर्ण झाली असती. मीरीन अपुरं राहिलं असतं तरी वाचक निम्मा तरी तृप्त होऊन उठला असता.

डिसेंबर २०११ च्या अखेरीस, पुस्तक येऊन सहा महिनेही झाले नव्हते तेव्हा, मार्टिन यांनी सहाव्या खंडातलं थिऑनचं एक प्रकरण वाचकांसाठी खुलं केलं. गोठलेल्या तळ्याकाठचं खेडं, भिंतीला साखळीने बांधलेला थिऑन, आणि समोर स्टॅनिस, जिवंत, शत्रू कुठून येईल याचा हिशेब मांडत बसलेला. सहा महिने पुस्तकाला नावं ठेवणाऱ्यांनी ते प्रकरण पुन्हा पुन्हा वाचलं, तळ्यावरच्या बर्फात स्टॅनिस नेमकं काय करणार याचे तर्क लढवले, नकाशे काढले. त्या प्रकरणातही एकच खोली आहे आणि माणसं नुसती बोलतात. ‘काहीच घडत नाही’ असं त्याबद्दल मी कुणाच्या तोंडून ऐकलं नाही.